कोरड्या चारीची नोंद

गुरुवारी सकाळी सहा वाजता चारीतल्या पाण्याची उंची शून्य होती.

पट्टीवालीने उकिडवे बसून ती पाहिली, नियमाप्रमाणे दोन मिनिटे थांबली आणि पुन्हा पाहिली. पाण्यावर लाट असेल तर आकडा हलतो, म्हणून पाटबंधारे खात्याने थांबण्याचा नियम केला होता. कोरड्या चारीत लाट उठत नाही, हे तिलाही कळत होते. तरी ती थांबली. सोयीप्रमाणे मोडता येणारा नियम हा नियम नसून सवलत असते, असे तिचे मत होते, आणि अकरा वर्षांच्या नोकरीत ते बदलण्याचे कारण घडले नव्हते.

पाणी मोजायच्या पट्ट्या दोन होत्या. एक मोठ्या पाटात, दाराच्या अलीकडे. दुसरी दाराच्या पलीकडे, जिथून चारी निघून सात शेतांकडे जाते. तिने गुडघ्यावरच्या वहीत लिहिले: वरची बेचाळीस, खालची शून्य. म्हणजे पाटात पाणी होते आणि चारीत नव्हते. दोहोंच्या मध्ये एक लोखंडी दार, ते उचलणारे चाक आणि चाकाला साखळीने जखडणारे कुलूप, इतकेच होते.

चारीवर सात शेतकरी होते आणि आठवड्याला सात वार. गुरुवार तिच्या घराचा. हंगामाचे पाणी सुटून चार आठवडे झाले होते. बाकीच्या सहा वारांना खालची पट्टी तिसाच्या आसपास दाखवी. चार गुरुवारांपुढे तिने लिहिले होते: शून्य, शून्य, अकरा, शून्य.

कुलपाची किल्ली पाणी संस्थेच्या सचिवाकडे असे. सचिव अडीच महिन्यांपासून तुरुंगात होता, म्हणून ती त्याच्या धाकट्या भावाकडे गेली होती. त्याला सगळे दारवाला म्हणत. सचिव तुरुंगात होता तो त्याने केलेल्या कृत्याच्या आरोपावरून. गावात मात्र ‘पट्टीवालीच्या पोरीमुळे’ असे म्हणण्याची पद्धत पडली होती.

रोजचे आकडे वहीत जात, आणि संध्याकाळचा आकडा एका चिठ्ठीवर संस्थेच्या कार्यालयात. चिठ्ठी पोचवायला तिची अकरा वर्षांची मुलगी जाई. बोलताना बोटांनी टिचक्या वाजवायची सवय असल्यामुळे घरात तिला टिचकी म्हणत. सचिव चिठ्ठी न वाचता भिंतीवरच्या खिळ्यात खोचत असे. हिवाळ्याच्या सुरुवातीला त्या खोलीत काय घडले ते मुलीने प्रथम आत्याला सांगितले, मग फौजदारबाईंना, मग डॉक्टरांना. चौथ्यांदा ते न्यायालयात सांगायचे होते. मधल्या काळात घरातल्या कोणीही तिला त्याविषयी विचारायचे नाही, असा निर्णय आईने घेतला होता आणि तो पाळला जात होता. मुलगी तेव्हापासून पट्टीकडे फिरकली नव्हती. टिचक्याही बंद होत्या. चिठ्ठ्यांचे पुस्तक स्वयंपाकघरातल्या फळीवर, डब्यांच्या मागे, पालथे पडले होते.

पट्टीवाली शेतावर आली तेव्हा तिचा नवरा कावडीने पाणी आणत होता. पाटातून बादली भरून घ्यायला बंदी नव्हती. बंदी घालण्याइतके ते पाणी कोणाला महत्त्वाचे वाटले नव्हते. शेतात कोबीचे पस्तीसशे गड्डे होते. एका खेपेत वीस भिजत, म्हणजे एकशे पंच्याहत्तर खेपा. तो दिवसाला चाळीस करत होता. उजव्या खांद्यावर लिंबाएवढी गाठ आली होती, म्हणून त्याने कावड डाव्यावर घेतली होती, आणि आता डावाही त्याच वाटेने निघाला होता.

“किती?” त्याने कावड न उतरवता विचारले.

“शून्य.”

“वरची?”

“बेचाळीस.”

“म्हणजे मुद्दाम दाबून धरलंय.”

“दार बंद आहे, एवढंच म्हणता येतं.”

“अगं, आणखी काय म्हणायचं राहिलंय मग?”

नणंद बांधावर बसून खुरपे घासत होती. नवरा वारल्यापासून ती भावाकडे राहत होती, आणि जिभेला धार लावायला तिला दगड लागत नसे. “ती म्हणत नाही रे काही,” ती म्हणाली. “ती लिहिते. घराला आग लागली तर आधी किती तापलंय ते बघेल, मग बादली शोधेल.”

“बादली कुठे आहे ते मला ठाऊक असतं, वन्सं,” पट्टीवाली म्हणाली आणि रिकाम्या बादल्या उचलून पाटाकडे चालू लागली.

सचिवाने जामिनासाठी अर्ज केला होता. सुनावणी पुढच्या गुरुवारी होती. मुलीची साक्ष व्हायच्या आधी तो गावात परतला, तर ती साक्ष कशी होणार, हा प्रश्न घरात कोणी उच्चारला नव्हता. पण त्याच्या भोवतीनेच सगळे वावरत होते.

शुक्रवारी नवराबायको तालुक्याला सरकारी वकीलबाईंकडे गेली. खोलीत तीन कपाटे, दोन खुर्च्या आणि एक बंद पंखा होता. नवरा खुर्चीच्या कडेवर बसला, कारण त्याच्या चपलांचा चिखल फरशीवर पडत होता.

“पोरीला आणू का कोर्टात?” त्याने विचारले. “तिला बघून न्यायाधीशांना दया येईल.”

“आणू नका. तिची जागा साक्षीच्या दिवशी, बंद दालनात. आणि दया दोन्ही बाजूंना येते. त्याचीही म्हातारी आई काठी टेकत येणार आहे.”

“एवढा मोठा गुन्हा. यात जामीन मिळतो तरी कसा?”

“मिळतो, आणि नाकारलाही जातो. गुरुवारी तो दोषी आहे का, हे ठरणार नाही. ते खटल्यात ठरेल. जामिनाला न्यायालय बघतं: आरोप किती गंभीर आहे, कागदावरच्या पुराव्यात वरवर बघता दम आहे का, माणूस पळून जाईल का, आणि बाहेर आला तर मुलीला किंवा साक्षीदारांना हात लावेल का. हात म्हणजे धाक, आमिष, काहीही. गंभीर आरोप खोटेही असू शकतात, म्हणून त्यांना हा विचार करावाच लागतो.”

नवऱ्याचा चेहरा पडला. पट्टीवालीला मात्र हे पटले. “बरोबर आहे,” ती म्हणाली. “नुसतं सांगितलं म्हणून मीही मानलं नसतं.”

वकीलबाईंनी पहिल्यांदाच तिच्याकडे नीट पाहिले. “पहिल्या दोन मुद्द्यांची मला काळजी नाही. तिसऱ्यावर तो जिंकेल. घर आहे, शेत आहे, संस्था आहे, जाणार कुठे? सगळं चौथ्यावर अडलंय. ‘गावात त्याचं फार वजन आहे’ असं प्रत्येक उत्तरात लिहिलेलं असतं. न्यायाधीश ते वाक्य वाचत नाहीत, ओलांडून जातात. मला दुसरं काहीतरी द्या.”

“मोजलेलं चालेल?” पट्टीवालीने पिशवीतून वही काढली.

वकीलबाईंनी पाने उलटली. बोट गुरुवारांवरून फिरत गेले.

“तीन कारणं असू शकतात,” पट्टीवाली म्हणाली. “पाटातच पाणी कमी असेल. नाही, वरची पट्टी बघा, रोज चाळीसच्या वर आहे. चारी फुटली असेल. नाही, बाकीच्या वारी ती तीस भरते. तिसरं, मी आकडे चुकीचे लिहीत असेन. ते मी नाही सांगू शकत. ते तुम्ही तपासा.”

“आणि हे अकरा?”

“त्या दिवशी अकरा होतं.”

“का?”

“माहीत नाही.”

“त्यांचे वकील नेमके इथेच बोट ठेवतील.”

“ठेवू देत. ते खोडलं तर शून्यंही खोडल्यासारखी होतील.”

वकीलबाईंनी वही मिटली आणि सोमवारी खात्याच्या कचेरीतून पानांच्या नकला शिक्क्यानिशी आणायला सांगितल्या. काही आश्वासन दिले नाही. पट्टीवालीला त्या बाई आवडल्या.

रविवारी दुपारी दारवाला आला. फटफटी बांधावर लावून तो शेताकडे पाहत उभा राहिला. घराकडे त्याने पाहिले नाही. कोबीची बाहेरची पाने कडेने तपकिरी झाली होती आणि गड्डे आवळून लहान राहिले होते.

“दादा, बघवत नाही हो हे,” तो नवऱ्याला म्हणाला.

“मग डोळे झाक,” नणंद म्हणाली. “नाहीतर किल्ली काढून बाहेर ठेव. खिशात बोचत असेल.”

“आत्याबाई, तुमच्याशी कोण बोलणार! वहिनी, तुम्ही ऐका. मी केस मागे घ्या म्हणत नाही. केस चालू दे, न्याय काय तो होऊ दे. फक्त गुरुवारी एवढंच सांगा, की जामिनाला आमची हरकत नाही. पंचाहत्तर दिवस झाले. आई अंथरुणाला खिळली आहे.”

“ती गुरुवारी काठी टेकत कोर्टात येणार आहे म्हणे,” पट्टीवाली म्हणाली. “सुधारली असेल.”

दारवाला हसला. हसताना त्याचे डोळे हसत नव्हते, ते नवऱ्याच्या खांद्यावरच्या गाठीकडे होते.

“आणि पाणी?” नवऱ्याने विचारले.

प्रश्न विचारून झाल्यावर त्याला स्वतःलाच तो ऐकू आला असावा. त्याने मान खाली घातली.

“पाण्याचं काय एवढं? पाणी आपलंच आहे, दादा.”

“पाणी गुरुवारचं आहे,” पट्टीवाली म्हणाली. “सोडायचं तर गुरुवारी सोड.”

सोमवारी सकाळच्या नोंदी करून ती नकलांसाठी गेली. त्या वेळी खालची पट्टी एकतीस होती आणि पाणी कोंबडीवाल्याच्या शेतात चालले होते, कारण सोमवार कोंबडीवाल्याचा. ती साडेपाचला परतली तेव्हा कोंबडीवाला चारीच्या काठावर उभा राहून हातवारे करत होता.

“माझा अर्धा सोमवार कोणी प्याला?” तो ओरडला. “दुपारी तो दारवाला आला, माझ्या शेताचं तोंड बुजवलं, वर आणखी दार उचललं आणि म्हणतो, आज तुझी पाळी पुरे! मका काय अर्धं पोट जेवतो?”

पट्टीवाली पट्टीशी बसली. सहा वाजेपर्यंत बसून राहिली. वरची एक्केचाळीस. खालची छत्तीस. छत्तीस हा आकडा तिने वर्षभरात पाहिला नव्हता. चारीच्या कडा चाटत पाणी खाली जात होते, आणि तिच्या शेताचे तोंड उघडे होते.

नवरा गुडघाभर चिखलात उभा होता. फावड्याने तो एकेका सरीत पाणी वळवत होता. अंगावर चिखलाचे शिंतोडे होते, आणि चेहऱ्यावर जो आनंद होता तो तिने पाच आठवड्यांत पाहिला नव्हता. तिला पाहताच तो विझला.

“पाणी आलं,” तो म्हणाला. “मी मागितलं नव्हतं. आलं, आणि हात आपोआप फावड्याकडे गेले.”

तिने तिथेच वही उघडली. शेऱ्याच्या रकान्यात लिहिले: ‘पाळी नसताना पाणी. आमच्या शेताचे तोंड उघडे. उघडणारा: माझा नवरा.’

त्याने खांद्यावरून वाचले. “हे कशाला लिहितेस? त्यांचा वकील आपल्याच गळ्यात मारेल.”

“मारेल.”

“मग?”

“अहो, पट्टीवर छत्तीस आहे. ते कुठून आलं आणि कुठे गेलं, हे मला माहीत आहे. माहीत असून जागा कोरी ठेवली, तर माझ्या शून्यावर कोणी का विश्वास ठेवावा?”

तो फावडे टाकून निघून गेला. त्या संध्याकाळी तो पाटाच्या कठड्यावर बसून राहिला आणि जेवायला आत आला नाही. नणंदेने त्याचे ताट तिथेच नेऊन ठेवले. “खा,” ती म्हणाली. “वहीत तुझं नाव तरी नाही लिहिलं. नवरा लिहिलंय. गावात पुष्कळ नवरे आहेत.”

बुधवारी सकाळी गड्डे फुटले.

कोबी तहानलेला असताना आतून आवळून बसतो. एकदम पोटभर पाणी मिळाले की आतला भाग बाहेरच्या पानांपेक्षा वेगाने वाढतो आणि गड्डा वरून फाटतो. यात दैवाचा भाग नाही. नवऱ्यालाही हे ठाऊक होते. सोमवारी दुपारी आठवले नव्हते, इतकेच. त्याने पहिली सरी मोजली: चाळीसपैकी एकोणतीस. काही गड्डे तर तो पाहत असतानाच बारीक आवाज करून उलत होते. पाणी अडवून जे पाच आठवड्यांत झाले नव्हते, ते पाणी सोडून दोन दिवसांत झाले.

“मी तोंड उघडलं,” तो म्हणाला.

“हो,” पट्टीवाली म्हणाली. तिने फुटलेला गड्डा उचलून त्याच्या हातात दिला. “पण दार तुम्ही नाही उघडलं.”

गुरुवारी सकाळी सहाला वरची बेचाळीस, खालची शून्य. नोंद करून ती वहीसह पहिल्या गाडीने निघाली. नवरा सोबत होता. मुलगी आत्याजवळ राहिली.

न्यायालयाच्या दाराशी शिपायाने नवऱ्याची पिशवी तपासली.

“हे काय?”

“पुरावा,” नवरा म्हणाला.

“कोबी आत नेता येत नाही.”

“फुटलाय तो.”

“न फुटलेलाही नेता येत नाही.” शिपायाने गड्डा स्टुलाखाली ठेवला. मागे रांगेत उभे असलेले लोक हसले. नवरा कानापर्यंत लाल झाला, पण आत गेला.

सचिव पिंजऱ्यात इस्त्रीच्या सदऱ्यात उभा होता. त्याने पट्टीवालीकडे पाहून, सभेत ओळखीच्या माणसाला करावा तसा, किंचित नमस्कार केला. तिने त्याच्याकडे एकदाच पाहिले. पाहणे टाळले असते तर त्याचा काहीतरी अर्थ काढला गेला असता.

त्याचे वकील चांगले बोलले. तपास संपला आहे, आरोपपत्र दाखल झाले आहे, पूर्वीचा एकही गुन्हा नाही. माणूस मूळचा तिथला, पळणार नाही. आवश्यक वाटल्यास तो खटला संपेपर्यंत चाळीस किलोमीटरवर बहिणीकडे राहील. शिक्षा खटल्यानंतर असते, आधी नव्हे. यातले प्रत्येक वाक्य पट्टीवालीला स्वतंत्रपणे योग्य वाटले, आणि त्यामुळेच ती धास्तावली.

सरकारी वकीलबाईंनी नकला पुढे केल्या. “चाळीस किलोमीटरवर राहून काय करता येतं ते इथे आहे. आरोपी त्याहून लांब, तुरुंगात होता. तरी पाचपैकी चार गुरुवार या घराचं पाणी बंद होतं. रविवारी भाऊ ‘जामिनाला हरकत नाही म्हणा’ असं सांगून गेला, आणि सोमवारी पाळी नसताना पाणी आलं.”

न्यायाधीशांना सर्दी झाली होती. रुमालाने नाक पुसत त्यांनी मूळ वही मागितली आणि पट्टीवालीला पुढे बोलावले. “मुलीची आई म्हणून तुम्हाला म्हणणं मांडायचा हक्क आहे. बोला.”

“म्हणणं वहीत आहे, साहेब. विचारलंत तर सांगते.”

सचिवाचे वकील उठले. “शून्य लिहायला काय लागतं? बाई त्या दिवशी गेल्याच नसतील. गेल्या नाहीत, आकडा नाही, म्हणून शून्य.”

“न गेलेल्या दिवशी शून्य नसतं,” पट्टीवाली म्हणाली. “तिथे आडवी रेघ असते. गेल्या वर्षी पावसाळ्यात मी चार दिवस तापाने पडून होते. बघा.”

न्यायाधीशांनी मागची पाने उलटली. चार आडव्या रेघा होत्या.

“शून्य म्हणजे मी गेले, बसले, दोनदा बघितलं, आणि पाणी नव्हतं.”

“कोरड्या चारीचं माप रोज घेता?” न्यायाधीशांनी विचारले.

“पाणी असेल तेव्हाच घेतलं तर पाणी नव्हतं हे कळणार कसं, साहेब?”

न्यायाधीशांनी रुमाल खाली ठेवला.

“मग हे अकरा?” वकील म्हणाले. “भावाला छळायचं होतं, तर त्या गुरुवारी पाणी का सोडलं?”

“माहीत नाही.”

“माहीत नाही! आणि सोमवारी तर पोटभर पाणी घेतलंत. संबंध इतके चांगले आहेत, महाराज, की पाळी नसताना शेजारधर्म चालू आहे.”

“घेतलं,” पट्टीवाली म्हणाली. “शेऱ्यात आहे.”

न्यायाधीशांनी शेरा मनात वाचला, मग मोठ्याने वाचला. नवरा मागच्या बाकावर खिळून बसला होता.

“हे केव्हा लिहिलंत?”

“सोमवारी, सहाला. पट्टीजवळच.”

“स्वतःच्या नवऱ्याविरुद्ध?”

“नवऱ्याविरुद्ध नाही, साहेब. पाण्याविषयी.”

मागे कोणीतरी हसले. न्यायाधीशांनी वर पाहताच ते थांबले.

फौजदारबाईंनी आणखी एक कागद दिला. तुरुंगातल्या भेटींची यादी होती. दारवाला भावाला दर बुधवारी भेटत असे. फक्त तिसऱ्या आठवड्यात तो गेला नव्हता. त्याच आठवड्याचा गुरुवार अकरा होता. पट्टीवालीला हे प्रथमच कळत होते.

“एका आठवड्यावरून मी काही सिद्ध झालं असं धरत नाही,” न्यायाधीश म्हणाले.

“मीही नसतं धरलं,” पट्टीवालीच्या तोंडून निघून गेले.

आदेश साडेचार वाजता सांगितला गेला. न्यायाधीश सावकाश बोलत होते आणि लेखनिक टंकत होता. आरोपी दोषी आहे किंवा नाही याविषयी न्यायालय काहीही म्हणत नाही. भावाने जे केले ते आरोपीच्या सांगण्यावरून केले, हेही आज सिद्ध झालेले नाही. तथापि जामिनाच्या टप्प्यावर प्रश्न शाबितीचा नसून धोक्याचा असतो. संस्थेची किल्ली अजून आरोपीच्या पदाला बांधलेली आहे. तक्रारदाराच्या घरावर दाब आणि आमिष दोन्ही आल्याची समकालीन नोंद उपलब्ध आहे, आणि ही नोंद स्वतःच्या घराला अडचणीचे असलेलेही लपवत नाही, म्हणून ती विश्वासार्ह वाटते. चाळीस किलोमीटरच्या अटीने हा धोका टळत नाही. अर्ज नामंजूर. मुलीची साक्ष सहा आठवड्यांच्या आत बंद दालनात नोंदवावी. त्यानंतर आरोपीला नव्याने अर्ज करता येईल.

बाहेर वकीलबाईंनी आदेशाची एक प्रत खात्याच्या अभियंत्याला पाठवायची म्हणून बाजूला काढली. “कुलूप ते बदलतील,” त्या म्हणाल्या. “हे फौजदारी न्यायालयाचं काम नव्हतं. तुमचं अर्धं काम अजून बाकी आहे, लक्षात आहे ना?”

“सहा आठवडे,” पट्टीवाली म्हणाली.

शिपायाने स्टुलाखालचा कोबी काढून दिला. “झालं का काम?” त्याने विचारले. “झालं,” नवरा म्हणाला, आणि या वेळी पिशवी त्याने काखेत न दडवता हातात धरली.

गाडी उशिरा सुटली. सव्वापाच, साडेपाच, पावणेसहा. पट्टीवाली खिडकीतून सूर्य पाहत होती. संध्याकाळची नोंद चुकणार, हे उघड होते. आडवी रेघ. एवढ्या सगळ्यासाठी एक रेघ महाग नव्हती, हे तिला समजत होते. तरी ती तिच्या मनात खुपत राहिली.

“पोरीला काय सांगायचं?” नवऱ्याने विचारले.

“जे झालं ते. आणि कोर्टात काही आठवलं नाही तर ‘आठवत नाही’ म्हणायचं, हेही. अंदाजाने भरायचं नाही.”

ती दोघे घरी पोचली तेव्हा सात वाजायला दहा मिनिटे होती. नणंद उंबऱ्यात उभी होती.

“नामंजूर,” नवरा म्हणाला.

नणंदेने दाराच्या चौकटीला हात टेकला. मग म्हणाली, “आत जा. तुमच्या बाईसाहेबांनी मला पाऊण तास डासांत उभं केलंय.”

मुलगी स्वयंपाकघरात बसली होती. पाय घोट्यापर्यंत मातीने भरलेले. फळीवरचे डबे सरकवलेले होते. तिने आईसमोर एक चिठ्ठी धरली. पुस्तकातून सरळ रेषेत फाडलेली. तारीख, वार, वेळ सहा, वरची बेचाळीस, खालची शून्य.

“वही तुझ्याकडे होती,” मुलगी म्हणाली. “म्हणून यावर लिहिलं. ही कुठे न्यायची नाहीये ना?”

“नाही. आपल्याच वहीत जाईल.”

पट्टीवाली खाली बसली. वही उघडली, आकडे उतरवले. मग शेऱ्याच्या रकान्यात लिहिले: ‘वाचणारी: माझी मुलगी.’ पेन तिने लगेच उचलले नाही.

“दोन मिनिटं थांबली होतीस?”

“कोरड्यात लाट नसते,” मुलगी म्हणाली.

“थांबली होतीस का?”

“तीन थांबले,” मुलगी म्हणाली, आणि तिने बोटांनी एक टिचकी वाजवली.